‘हट्टी आहे’ असे लिहिण्याआधी दहा दिवसांची नोंद ठेवा

मा. संपादक यांस,
सप्रेम नमस्कार.

बौद्धिक अक्षमता, स्वमग्नता किंवा सेरेब्रल पाल्सी असलेल्या मुलाचे आईवडील एका शाळेतून दुसऱ्या शाळेकडे जातात, तेव्हा त्यांच्या पिशवीत एक जाडजूड फाइल असते. तिच्यात बुद्ध्यांकाचा अहवाल असतो, दिव्यांगत्वाचे प्रमाणपत्र असते, ईईजीचे, म्हणजे मेंदूच्या लहरींच्या तपासणीचे, कागद असतात. वागणुकीबद्दल मात्र एकच ओळ सापडते : ‘हट्टी आहे, मारतो, एका जागी बसत नाही.’ तेवढ्या ओळीवरून त्याला खुर्चीला बांधले जाते, वर्गाबाहेर उभे केले जाते, डबा काढून घेतला जातो, नाहीतर प्रवेशच नाकारला जातो. आम्ही काही विशेष शिक्षक, ऑक्युपेशनल थेरपिस्ट (रोजची कामे करता यावीत म्हणून उपचार देणारे तज्ज्ञ) आणि पुनर्वसन मानसशास्त्रज्ञ मिळून हे पत्र लिहीत आहोत, ते एका आग्रहासाठी. वागणूक बदलण्याचा कुठलाही उपाय, मग तो बक्षिसाचा असो की दुर्लक्ष करण्याचा, लेखी नोंदीशिवाय सुरू होऊ नये. घरात होऊ नये, शाळेत होऊ नये, आणि जिथे मुलाला भेटायला महिन्यातून एकदाच कोणी येते अशा निवासी संस्थेत तर मुळीच होऊ नये.

वागण्याच्या आधी-नंतर काय घडते ते पाहून उपाय ठरवणारे हे वर्तनशास्त्र परदेशी आहे, आपल्याकडे जमणार नाही, असे अनेकदा ऐकायला मिळते. ते खरे नाही. बौद्धिक अक्षमतेसाठीची सिकंदराबादची राष्ट्रीय संस्था १९८४ मध्ये सुरू झाली. आज तिचे नाव राष्ट्रीय बौद्धिक दिव्यांगजन सशक्तीकरण संस्थान असे आहे. तिथल्या रीटा पेशावरिया आणि एस. वेंकटेशन यांनी १९९२ मध्ये खास भारतीय मुलांसाठी वर्तनाची मापनश्रेणी तयार केली. पहिल्या भागात ७ गटांत मिळून २८० कौशल्ये, दुसऱ्या भागात १० गटांत समस्या वर्तनाच्या ७५ बाबी. विशेष शिक्षकाच्या पदविकेत ती शिकवली जाते. म्हणजे साधन तीस वर्षांहून अधिक काळ हाताशी आहे, आणि तरीही फाइलमध्ये ‘हट्टी’ हा एकच शब्द उरतो, याचे आम्हाला मनापासून दुःख आहे.

आता नोंद कशी ठेवायची ते सांगतो. एक शंभर पानी वही घ्यावी, आडवी धरावी आणि सहा रकाने आखावेत : तारीख व वेळ, जागा आणि हजर असलेली माणसे, लगेच आधी काय झाले, मुलाने नेमके काय केले, लगेच नंतर काय झाले, किती वेळ चालले. वही मूल ज्या खोलीत असते त्याच खोलीत खिळ्याला टांगावी आणि पेन दोरीने वहीलाच बांधावे. वही ऑफिसच्या कपाटात गेली की नोंदी संध्याकाळी आठवून लिहिल्या जातात, आणि आठवून लिहिताना ‘आधी काय झाले’ हा रकाना हटकून कोरा राहतो किंवा त्यात ‘विनाकारण’ असे येते. हा शब्द वहीत चालवून घेऊ नये. कारण दिसले नसेल तर त्या क्षणी खोलीत काय चालले होते तेवढेच लिहावे : मिक्सर लागला होता, ताई दुसऱ्या मुलाचे बूट घालत होत्या, रंगाचे कागद वाटले जात होते. यातलेच काहीतरी चौथ्या-पाचव्या दिवशी पुन्हा पुन्हा डोळ्यांपुढे येऊ लागते.

चौथ्या रकान्यात विशेषणे नकोत. ‘चिडला’, ‘आक्रमक झाला’, ‘त्रास दिला’ हे वाचून दोन माणसे दोन वेगळ्या गोष्टी समजतात. ‘उजवे मनगट दातांत धरले, वळ उठले, दोनदा’ असे लिहिले की मावशी, ताई आणि आई तिघी एकच गोष्ट मोजतात. जे झटकन घडून संपते, म्हणजे चापट, चावा, थुंकणे, त्याची संख्या मोजावी. जे लांबते, म्हणजे रडणे, जमिनीवर लोळण घेणे, त्याची मिनिटे मोजावीत. एखादी गोष्ट दिवसात चाळीस-पन्नास वेळा होत असेल तर सगळी टिपायच्या भरीस पडू नये. सकाळचा अर्धा तास आणि दुपारचा अर्धा तास ठरवून तेवढ्यातलीच टिपावी. असे दहा दिवस, मध्ये एखादा रविवार येईल असे. या दहा दिवसांत नवा उपाय काही करायचा नाही. एरवी जे करता तेच चालू ठेवायचे. अपवाद एकच. मूल डोके आपटत असेल, चाव्याने रक्त निघत असेल, डोळ्यात बोटे घालत असेल, तर दहा दिवस मोजत बसू नये, त्याच दिवशी डॉक्टर गाठावा.

डॉक्टरकडे तसेही एकदा जायचेच आहे. ज्याला बोलता येत नाही त्याचे दुखणे वागण्यातूनच बाहेर पडते. किडलेली दाढ, कानातला पू, चार-चार दिवस साफ न झालेले पोट, पाळीच्या आधीची कळ, तुटलेली झोप. शांत असलेले मूल अचानक कानशिलावर मारून घ्यायला लागले तर आधी कान आणि दात पाहावेत, मग मानसशास्त्र. अपस्माराच्या, म्हणजे फिट येण्याच्या आजाराच्या, काही औषधांनीही चिडचिड वाढू शकते; लेव्हेटिरासिटाम आणि फेनोबार्बिटोन यांच्याबाबतीत हे न्यूरॉलॉजिस्टना चांगले माहीत असते, पण पालकांना सहसा कोणी सांगितलेले नसते. औषध सुरू झाल्याची किंवा डोस बदलल्याची तारीख वहीत लाल शाईने लिहावी आणि पुढच्या तपासणीला वहीच सोबत न्यावी. औषध आपल्या मनाने बंद मात्र करू नये, फिट उलटण्याचा धोका असतो.

वही वाचायची कशी? समजा, नऊ वर्षांचा मुलगा आहे. बोलत नाही, मनगट चावतो. दहा दिवसांत ४० नोंदी झाल्या. त्यातल्या २६ नोंदींत ‘आधी’च्या रकान्यात ‘मणी ओवायला दिले’, ‘अक्षर गिरवायला दिले’ असे आहे आणि ‘नंतर’च्या रकान्यात ‘काम बाजूला घेतले’ किंवा ‘बाहेर उभे केले’. ९ नोंदींत ताई दुसऱ्या मुलाजवळ होत्या. उरलेल्या ५ विखुरलेल्या आहेत. या मुलाला चावल्याने काय मिळते ते आता कागदावर आले : काम टळते. त्याला वर्गाबाहेर काढणे ही शाळेच्या लेखी शिक्षा आहे, त्याच्या लेखी मधली सुट्टी. जितक्या वेळा बाहेर काढाल तितके चावणे पक्के होत जाणार. ‘टाइमआउट’ या नावाने चालणारा उपाय सर्वांत जास्त फसतो तो इथेच. वर्गात त्याला हवेहवेसे काही चालू असेल तरच वर्गाबाहेर जाण्याचे त्याला वाईट वाटेल. मणी ओवण्याचा तास त्यात मोडत नाही.

तेच चावणे दुसऱ्या मुलात लक्ष वेधण्यासाठी असू शकते. तिथे न मागता, दर पाच मिनिटांनी, तो शांत असतानाच जवळ जाऊन पाठीवर हात ठेवावा लागेल. तिसऱ्या मुलाला चावण्याच्या दाबाचीच गरज असेल; तो एकटा असतानाही चावतो, आणि त्याला चावायची जाड रबरी नळी आणि ऑक्युपेशनल थेरपिस्टची मदत हवी. वरून तिघे सारखेच दिसतात. म्हणूनच ‘चावतो तर काय करायचे?’ या प्रश्नाला फोनवर उत्तर देणाऱ्या माणसावर विसंबू नये.

मणी ओवताना चावणाऱ्या त्या नऊ वर्षांच्या मुलाकडे परत येऊ. त्याला काम थांबवून मागण्याची दुसरी, सोपी वाट द्यायची. पत्त्याएवढे कार्ड घ्यायचे, त्यावर उघडा पंजा काढायचा, लॅमिनेट करायचे आणि वेल्क्रोने बाकाच्या कोपऱ्यात चिकटवायचे, रोज त्याच कोपऱ्यात. पहिल्या दिवसांत दोन मोठी माणसे लागतात. एक समोर बसून मणी देते. दुसरे मागे उभे राहते. वही सांगते की चावा साधारण पाचव्या-सहाव्या मण्याला येतो. तर चौथ्या मण्यालाच मागच्या माणसाने मुलाचा हात धरून कार्डाला लावायचा. समोरच्याने तत्काळ ‘थांबू या’ म्हणून मणी उचलायचे, एक मिनिट. चावल्यानंतर कार्ड लावायला नेले तर मूल शिकते की आधी चावायचे, मग कार्ड. ही चूक फार सहज होते. मागच्या माणसाने बोलायचे नाही, हात हळूहळू सैल करत न्यायचा : पंजावरून मनगटावर, मनगटावरून कोपरावर, शेवटी नुसती मागे सावली.

पहिला आठवडाभर त्याने कार्ड तीस वेळा लावले तरी तीसही वेळा थांबायचे. इथे शिक्षक कचरतात, ‘मग तो काम कधी करणार?’ म्हणतात. आधी त्याचा विश्वास बसू द्यावा की कार्ड चालते. मग ‘एक मणी आणि सुट्टी’, पुढच्या आठवड्यात दोन, मग पाच. अमेरिकी मानसशास्त्रज्ञ एडवर्ड कार आणि मार्क डुरंड यांनी १९८५ मध्ये हा मार्ग अभ्यासाने दाखवून दिला आणि आज तो या क्षेत्रातल्या सर्वांत भरवशाच्या उपायांपैकी एक मानला जातो. सोबत कामही तपासावे. बारीक छिद्राचे वीस मणी आणि लुळी पडणारी दोरी दिली असेल तर चावण्यात त्याचा दोष किती आणि आपला किती? मोठे पाच लाकडी मणी द्यावेत आणि दोरीऐवजी प्लास्टिकची ताठ वायर.

दुर्लक्ष करा, हा सल्ला घरोघरी दिला जातो आणि घरोघरी फसतो. नळाला पाणी आले नाही की आपण चावी आणखी फिरवतो, हलवून पाहतो. मूलही तेच करते. मोबाइलसाठी रोज दहा मिनिटे ओरडणारे मूल, कोणी लक्ष देत नाही म्हटल्यावर दुसऱ्या-तिसऱ्या दिवशी पंचवीस मिनिटे ओरडते. हा वाढीचा टप्पा येणारच, हे कोणी आधी सांगितलेले नसते. तिसऱ्या दिवशी आजीचा जीव कळवळतो, ती मोबाइल देते. त्या दिवशी मूल एवढेच शिकते की आता पंचवीस मिनिटे ओरडावे लागते. पुढच्या वेळी उपाय सुरू करताना सुरुवात पंचविसापासून होते, म्हणजे आपण होतो त्यापेक्षा मागे गेलो. म्हणून आजी-आजोबा, काका, कामाच्या मावशी या सगळ्यांचे एकमत झाल्याशिवाय दुर्लक्षाचा उपाय हाती घेऊ नये. गणपतीत, लग्नघरात, मोठ्या भावंडाच्या दहावीच्या परीक्षेत सुरू करू नये. शेजाऱ्यांना आधी सांगून ठेवावे. आणि ज्या घराला पंचवीस मिनिटे तग धरणे शक्य नाही, तिथे आम्ही स्पष्ट सांगतो : ओरडायच्या आधी, मुलाने बोट दाखवले की लगेच मोबाइल द्या, ठरावीक वेळ द्या. ओरडल्यावर देण्यापेक्षा ते कितीतरी बरे. स्वतःला इजा करणाऱ्या वागण्याकडे दुर्लक्ष हा उपाय घरी कधीही करायचा नाही.

बक्षिसाबद्दलही गैरसमज फार. बक्षीस म्हणजे चॉकलेट, असे धरून चालतात. ज्याच्यामुळे आधीचे वागणे पुढे वाढते ते बक्षीस, आणि ते मुलानेच ठरवायचे असते. सहा गोष्टी निवडाव्यात, उदाहरणार्थ चुरमुरे, भोवरा, साबणाचे फुगे, टाळी, तबल्याचा आवाज, झोका. दोन-दोन समोर ठेवून प्रत्येक जोडी एकदा दाखवावी. सहा गोष्टींच्या १५ जोड्या होतात. टाळी किंवा झोका समोर ठेवता येत नाही, त्यांची चित्रे किंवा खुणेच्या वस्तू ठेवाव्यात. जी सर्वांत जास्त वेळा उचलली ती आठवडाभर वापरावी आणि पुन्हा तपासावे, कारण आवड बदलते. खाऊ असेल तर एक चुरमुरा, मूठभर नव्हे. गिळायला अडचण असलेल्या मुलाला चुरमुरा ठसक्याचा धोका, तिथे चमच्याच्या टोकावर दही. बक्षीस द्यायचे ते हवे ते वागणे घडल्यावर एक-दोन सेकंदांत. पाच सेकंद गेले आणि मध्ये मुलाने शेजारच्याला चिमटा काढला, तर बक्षीस चिमट्याला मिळते. पोटभर जेवणानंतर खाऊ चालत नाही. दिवसभर टीव्हीवर कार्टून चालू असेल तर कार्टूनही चालत नाही. दर वेळी सोबत काय केले ते नाव घेऊन सांगावे, ‘चमचा नीट ठेवलास’; नुसते ‘शाब्बास’ म्हटले तर कशाबद्दल ते त्याला कळत नाही.

टोकन म्हणजे चांगल्या वागण्याबद्दल द्यायची आणि ठरलेली संख्या जमली की बक्षिसाशी बदलायची चकती. तिच्याबद्दल दोनच गोष्टी सांगतो. पाच टोकनची पट्टी असेल तर पहिल्या दिवशी चार आधीच लावलेली असावीत, पाचवे मिळाले की लगेच बदली. दिलेले टोकन शिक्षा म्हणून काढून घेऊ नये. सकाळी अकरालाच ज्याची सगळी टोकने गेली त्याच्याकडे दिवसभर गमावण्यासारखे काहीच उरत नाही, आणि तो तसाच वागतो.

आता कौशल्य शिकवण्याकडे वळतो, कारण नुसते वागणे थांबवण्यात कोणाचे भले नाही. जेवणाचे उदाहरण घेऊ. मऊ वरणभात, तोही थोडा घट्ट. पातळ आमटीने सुरुवात केली की वाटेतच सांडते आणि मूल कंटाळते. काठ उभा असलेली खोलगट थाळी, खाली ओले फडके म्हणजे ती सरकत नाही. चमच्याच्या दांड्याला कापडी पट्टी गुंडाळून अंगठ्याएवढी जाड करायची. मुलाचे पाय जमिनीला किंवा पाटाला टेकलेले हवेत, लटकत्या पायांनी हात स्थिर राहत नाही. कामाचे टप्पे पाडायचे : चमचा धरणे, थाळीत नेणे, भात भरणे, उचलणे, तोंडाशी आणणे, तोंडात घेणे. शिकवायला सुरुवात शेवटच्या टप्प्यापासून करायची. मोठ्या माणसाने हातावर हात ठेवून चमचा ओठांपासून दोन बोटांवर आणायचा आणि तिथे हात सोडायचा. उरलेली दोन बोटे मुलाची. पहिल्याच घासाला काम पुरे होते आणि भात तोंडात जातो, यापेक्षा मोठे बक्षीस वेगळे द्यावे लागत नाही. दहा घासांपैकी आठ घास सलग तीन दिवस जमले की हात छातीच्या उंचीवर सोडायचा, मग थाळीच्या काठावर.

हे करताना तोंडाने ‘घे, घे, हं घे’ चालू ठेवायची सवय बहुतेकांना असते. हाताची मदत कमी करता येते, पण बोलण्याची मदत निघता निघत नाही. पुढे ते मूल कोणी ‘घे’ म्हटल्याशिवाय चमचाच उचलत नाही. म्हणून शिकवताना गप्प राहावे, घास तोंडात गेल्यावर बोलावे. जेवणातली पहिली दहा मिनिटेच शिकवणे, नंतर नेहमीसारखे भरवावे. कोणीही शिकण्यापायी अर्धपोटी उठू नये. एक गोष्ट आणखी. आपल्याकडे माणसे पोळी-भाजी हाताने खातात. वैयक्तिक शैक्षणिक आराखड्यात ‘काट्या-चमच्याने खाणे’ हे उद्दिष्ट वर्षानुवर्षे कुठूनतरी उतरवलेले दिसते. ज्याची बोटे नीट चालतात त्याला पोळीचा तुकडा मोडायला शिकवावा, पंगतीत तो सगळ्यांसारखा जेवेल.

शौचाच्या सवयीला हीच नोंद उपयोगी पडते. पाच दिवस दर अर्ध्या तासाला हात लावून पाहायचे, कोरडे की ओले, आणि तक्त्यावर खूण करायची. बहुतेकांची वेळ साधारण ठरलेली निघते. समजा, सकाळी नऊच्या चहानंतर चाळीस-पन्नास मिनिटांनी ओले होते. तर साडेनऊला न्यायचे, पाच मिनिटांपेक्षा जास्त बसवायचे नाही. भारतीय पद्धतीच्या संडासात धरायला भिंतीला लोखंडी कडी किंवा दांडी हवी, पडायची भीती असली की स्नायू सैल होत नाहीत. नाडीची चड्डी नको, इलॅस्टिकची हवी. जागेपणी डायपर बंद, नाहीतर ओलेपणा त्याला जाणवतच नाही. अपघात झाला तर चेहरा न बदलता कपडे बदलायचे. अझ्रिन आणि फॉक्स या अमेरिकी मानसशास्त्रज्ञांनी १९७१ मध्ये जी झटपट पद्धत मांडली, तिच्यात भरपूर पाणी पाजणे होते आणि अपघातानंतर पुन्हा पुन्हा साफसफाई करायला लावणेही होते. पहिली गोष्ट अपस्मार किंवा मूत्रपिंडाचा आजार असलेल्यांना धोक्याची, डॉक्टरांना विचारल्याशिवाय करू नये. दुसरी गोष्ट अपमान करणारी, ती सोडून द्यावी.

वर्तनशास्त्र फक्त लहान मुलांसाठी नाही, हेही वाचकांपर्यंत जावे असे वाटते. लकवा मारल्यावर दुबळ्या हाताने काही करायला गेले की जमत नाही, चांगल्या हाताने लगेच जमते. शिवाय घरचे ‘राहू द्या बाबा, मी देते’ म्हणत पुढे होतात. काही महिन्यांत जो हात थोडाफार चालू शकला असता तोही न वापरायची सवय लागते. अमेरिकी मानसशास्त्रज्ञ एडवर्ड टॉब यांनी यावर जी पद्धत उभी केली तिची मोठी चाचणी अमेरिकेत झाली आणि २००६ मध्ये प्रसिद्ध झाली. लकव्याचा झटका येऊन ३ ते ९ महिने झालेले २२२ रुग्ण तिच्यात होते. उपचार मिळालेल्यांच्या चांगल्या हातावर दोन आठवडे, जागेपणीच्या ९० टक्के वेळ जाड हातमोजा असे आणि दुबळ्या हाताचा रोज सहा तासांपर्यंत सराव. त्यांना झालेला फायदा वर्षभरानंतरही टिकलेला दिसला.

घरी एवढे कोणी करू शकत नाही, पण थेरपिस्टने ठरवून दिलेले दोन-तीन तास, तेही बसून करायच्या कामांपुरते, अनेकांना झेपतात. मनगट आणि बोटे थोडी तरी आपल्या जोरावर वर उचलता यायला हवीत, नाहीतर ही पद्धत लागू नाही. एका वाटीतले राजमे दुसऱ्या वाटीत टाकायचे, ३० सेकंदांत किती झाले ते मोजायचे, असे दहा वेळा, मध्ये विश्रांती. चार झाले होते, आज पाच झाले, तर पाच आकडा मोठ्याने सांगायचा आणि भिंतीवरच्या तक्त्यात लिहायचा. सहज जमू लागले की राजम्याऐवजी हरभरे, मग वाटी अर्धी वीत लांब. चालताना, जिन्यावर, न्हाणीघरात आणि गॅसपाशी हातमोजा काढलाच पाहिजे. तोल गेला तर सावरायला चांगला हातच लागतो.

जुनाट कंबरदुखीत अमेरिकी मानसशास्त्रज्ञ विल्बर्ट फोर्डाइस यांनी मांडलेले सूत्रही याच शास्त्रातले. दुखेपर्यंत चालायचे आणि दुखले की झोपायचे, यात विश्रांती हे दुखण्याचे बक्षीस ठरते. त्याऐवजी तीन दिवस चालून पाहायचे, १०, १२ आणि ८ मिनिटे जमली तर सरासरी १०. सुरुवात ८ मिनिटांपासून करायची. ८ झाली की बसायचे, बरे वाटत असले तरी. ठरल्या दिवशी एक-एक मिनिट वाढवायचे. ताप, वजन घटणे, पायातली ताकद जाणे अशी लक्षणे असतील तर हे न करता आधी तपासणी.

आता ज्या गोष्टींवर तडजोड नको त्या. जेवण, पाणी, संडासला जाणे, आईची भेट, झोप, व्हीलचेअर, श्रवणयंत्र, बोलण्याची चित्रपाटी यांतले काहीही बक्षीस म्हणून अडवून ठेवायचे नाही आणि शिक्षा म्हणून काढून घ्यायचे नाही. दिव्यांग व्यक्ती हक्क कायदा, २०१६ च्या कलम ९२ नुसार, आपल्या ताब्यातल्या दिव्यांग व्यक्तीला जाणूनबुजून अन्न किंवा पाणी नाकारणे आणि तिच्या साहाय्यक साधनाच्या वापरात अडथळा आणणे हे गुन्हे आहेत. शिक्षा सहा महिन्यांपासून पाच वर्षांपर्यंत कारावास आणि दंड. ‘चावलास ना, आज डबा नाही’ असे म्हणणाऱ्या किती जणांना हे माहीत आहे? शिक्षण हक्क कायद्याच्या कलम १७ ने शाळेतली मारहाण आणि मानसिक छळ बंद केला आहे. मानसिक आरोग्य सेवा कायदा, २०१७ ने मानसिक आरोग्य संस्थांमध्ये साखळीने बांधणे आणि एकांतात कोंडणे यावर बंदी घातली आहे. १९६० च्या दशकात अमेरिकेत स्वमग्न मुलांना चापटी आणि विजेचे झटके देऊन ‘सुधारण्याचे’ प्रयोग याच शास्त्राच्या नावाने झाले. आज मोठी झालेली स्वमग्न माणसे त्याबद्दल रागाने बोलतात, आणि त्यांचे म्हणणे आम्हाला पटते.

त्यांचे आणखी एक म्हणणे पटते. हात फडफडवणे, डोलणे, गोल फिरणे यांनी कोणाला इजा होत नसेल तर ते थांबवण्याचे उद्दिष्ट घेऊच नये. ‘शांत बसतो’ हे प्रगतिपुस्तकातले यश मानू नये. सांगितलेले सगळे निमूट करायला शिकवलेले मूल, नको त्या माणसाने नको ते सांगितले तरी निमूट करते. म्हणून ‘नको’ म्हणायला शिकवणे, हाताने, कार्डाने, मान हलवून, आणि ते ‘नको’ आपण पाळणे, हे प्रत्येक आराखड्यात पहिल्या पाच उद्दिष्टांत असायला हवे.

शासनाच्या दिव्यांग कल्याण विभागाकडे आणि पुण्याच्या आयुक्तालयाकडे आमची मागणी साधी आहे. विशेष शाळा आणि निवासी संस्थांच्या तपासणीत हजेरीपट आणि धान्यसाठा पाहतात तशी वर्तनाची वहीही मागावी. ज्या मुलाला बांधले, कोंडले, किंवा शांत करायला जादा औषध दिले, त्याची तारीख, वेळ, कारण आणि निर्णय घेणाऱ्याची सही असलेली वेगळी नोंदवही असावी आणि ती पालकांना पाहता यावी. प्रत्येक उपायाचा आराखडा एका पानावर, पालकांच्या सहीने असावा, आणि दोन आठवड्यांनी आकडे पाहून तो चालू ठेवायचा की बदलायचा ते लिहावे. रात्रपाळीच्या मावशींना दिवसपाळीच्या मावशींनी ती वही वाचून दाखवल्याशिवाय ड्युटी बदलू नये. अनेक आराखडे रात्री आठ ते सकाळी आठ या वेळेत मोडतात, कारण त्या वेळच्या माणसाला कोणी काही सांगितलेलेच नसते. या मावशींना प्रशिक्षण मिळावे आणि पुरेसे मनुष्यबळही. पंचवीस मुलांमागे एक मावशी असेल तर आम्ही वर सांगितलेले काहीही होणार नाही, आणि त्याचा दोष त्या मावशीला देता येणार नाही. पालकांनीही ‘बिहेवियर थेरपी’ची पाटी लावणाऱ्याला पैसे देण्यापूर्वी भारतीय पुनर्वास परिषदेचा नोंदणी क्रमांक विचारावा आणि पहिल्या भेटीत तो वही मागतो का ते पाहावे.

आपणास एक विनंती. जूनमध्ये शाळा सुरू होतात त्या आठवड्यात वर सांगितलेल्या सहा रकान्यांचा कोरा तक्ता आपल्या अंकात अर्ध्या पानावर छापावा, कापून वहीत चिकटवता येईल असा. ‘आधी काय झाले’ हा रकाना बाकीच्यांपेक्षा दुप्पट रुंद ठेवावा.

आपले नम्र,
बौद्धिक अक्षमता व पुनर्वसन क्षेत्रात काम करणारे काही विशेष शिक्षक, ऑक्युपेशनल थेरपिस्ट आणि मानसशास्त्रज्ञ, पुणे